स्वप्नातलं घड्याळ किती पळतं?

सकाळी गजर वाजतो, आपण तो नऊ मिनिटं पुढे ढकलतो आणि तेवढ्यात गावी जाऊन, कुणाच्या तरी लग्नात जेवून, परतीची एसटी चुकवूनही येतो. डोळे उघडून घड्याळ पाहिलं की प्रश्न पडतो, एवढं सगळं मावलं कुठे?

ख्रिस्तोफर नोलन यांच्या ‘इन्सेप्शन’ (2010) या चित्रपटात याचं उत्तर चक्क पाढ्यात दिलंय. खास औषध घेतलं की स्वप्नात मेंदू वीसपट वेगाने चालतो, आणि स्वप्नातल्या स्वप्नात पुन्हा वीसपट. चित्रपटातली मंडळी दहा तासांच्या विमानप्रवासात झोपून एकाच स्वप्नात शिरतात. वीसने गुणा, 200 तास, म्हणजे आठवडाभर. पुन्हा गुणा, 4,000 तास, साडेपाच महिने. तिसऱ्या थरात 80,000 तास, नऊ वर्षांहून जास्त! कल्पना आपल्याला नवी नाही. योगवासिष्ठातला लवण राजा दरबारात बसल्या जागी काही क्षणांत दुसरंच आयुष्य भोगून येतो.

गणित चोख आहे, पण मेंदू त्याला तयार नाही. चेतापेशीने एक संदेश सोडला की पुढच्याआधी तिला साधारण मिलिसेकंदभर थांबावंच लागतं, झोपेतसुद्धा. आणि ज्या झोपेत ठळक स्वप्नं पडतात त्या ‘रेम’ झोपेत मेंदू ऊर्जा खातो ती जवळपास जागेपणाइतकीच. वीसपट वगैरे काही नाही.

मोजमापही झालंय. रेम झोपेचा शोध 1953 मध्ये शिकागोत लागला. तिथल्याच विल्यम डिमेंट आणि नॅथनिएल क्लाइटमन यांनी 1957 मध्ये एक साधी युक्ती केली. रेम सुरू झाल्यावर कधी पाच, कधी पंधरा मिनिटांनी माणसाला उठवायचं आणि विचारायचं, स्वप्न किती वेळ चाललं होतं? बहुतेकांनी बरोबर ओळखलं.

त्याहून गंमतीची गोष्ट म्हणजे काही लोकांना स्वप्नातच कळतं की हे स्वप्न आहे. रेम झोपेत शरीराचे बहुतेक स्नायू लुळे असतात, पण डोळे हलतात. कीथ हर्न यांनी 1975 मध्ये इंग्लंडमधल्या हल इथे याचाच उपयोग केला. झोपलेल्याने ठरल्याप्रमाणे डोळे डावी-उजवीकडे फिरवले आणि स्वप्नातून पहिली तार आली. पुढे स्टॅनफर्डमध्ये स्टीफन लाबर्ज यांनी अशा लोकांना स्वप्नात दहापर्यंत अंक मोजायला लावले, सुरुवातीला आणि शेवटी डोळ्यांची खूण करून. वेळ जागेपणाएवढाच लागला. डॅनियल एर्लाखर यांच्या प्रयोगांत स्वप्नातल्या उठाबशांना तर जास्तच वेळ लागला. म्हणजे घड्याळ पळत नाही. झालंच तर किंचित रेंगाळतं.

मग ती एसटी? ती चुकली खरी, पण प्रवास आपण पाहिलाच नव्हता. आधी घराचं दार, मग थेट मांडव, मग रिकामा स्टँड. मधले तास मेंदूने दाखवलेच नाहीत. उठल्यावर गोष्ट जुळवताना ते आपण गृहीत धरतो, सिनेमा पाहताना धरतो तसेच. मला तरी ही कात्री वीसपट वेगापेक्षा जास्त अद्भुत वाटते.

राहिला प्रश्न चित्रपटातल्यासारखं एकाच स्वप्नात दोघांनी शिरण्याचा. त्या दिशेचं ठोस पाऊल 2021 मधलं आहे. अमेरिका, फ्रान्स, जर्मनी आणि नेदरलँड्समधल्या चार प्रयोगशाळांनी 36 जणांना रेम झोपेत प्रश्न विचारले. आठ वजा सहा किती? एकाने डोळे दोनदा फिरवले. 158 प्रयत्नांत बरोबर उत्तरं आली सुमारे 18 टक्के वेळा. बहुतेकदा उत्तरच नाही. काहींना प्रश्न बाहेरून आल्यासारखा वाटला, तर काहींना स्वप्नातल्याच रेडिओसारख्या एखाद्या वस्तूतून.

म्हणजे निरोप आत जातो, उत्तर बाहेर येतं. उद्या दोन झोपलेल्यांचे निरोप एकमेकांना जोडून देणं कदाचित जमेलही. पण त्या निरोपाचं दृश्य रंगवणारा मेंदू ज्याचा त्याचाच, आणि मनी वसे ते स्वप्नी दिसे. दोघांच्या कानात ‘नदी’ म्हटलं तर कोल्हापूरकराच्या स्वप्नात पुराची पंचगंगा येईल, सोलापूरकराच्या स्वप्नात उन्हाळ्यातली कोरडी सीना. आणि सकाळी दोघेही ठामपणे सांगतील, आपण एकाच नदीवर भेटलो होतो.