शेतजमिनीचा ताबा आणि कोर्टातून पोलीस संरक्षण : पार्श्वभूमी

निजामाच्या काळात मराठवाड्यातली कोर्टं वेगळ्या कायद्याने आणि उर्दूत चालत. १९०८ ची दिवाणी प्रक्रिया संहिता इथे १ एप्रिल १९५१ पासून लागू झाली. त्या संक्रमणातलं फायलींमध्ये आजही दिसतं ते १९५४-५५ चं खासरा पत्रक, म्हणजे जमीन कोण कसतं याची तेव्हाची नोंद. कूळ किंवा इनामाचा वाद निघाला की आधी तेच शोधलं जातं. राज्य पुनर्रचनेनंतर उच्च न्यायालयासाठी मुंबई गाठावी लागे. २७ ऑगस्ट १९८१ ला औरंगाबादला खंडपीठाचं काम सुरू झालं आणि पोलीस संरक्षणासाठी थेट रिट (उच्च न्यायालयातली याचिका) करणं आवाक्यात आलं.

ती वाट २००६ मध्ये अरुंद झाली. हक्कच वादात असेल तर तो दिवाणी कोर्टातून ठरवून घ्या, संरक्षणाच्या नावाखाली रिटमध्ये नको, असं सर्वोच्च न्यायालयाने बजावलं. त्याच वर्षअखेरीस दुसऱ्या निकालाने दिवाणी कोर्टाचा हात मोकळा केला. कोर्टाच्या मनाई हुकमाचा भंग होत असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ (कोर्टाचे अंगभूत अधिकार) खाली पोलिसांना मदतीचा आदेश देता येतो. ‘आदेश ३९ नियम २अ मध्ये जप्ती आणि ३ महिन्यांपर्यंत दिवाणी कैद आहे, मग पोलीस कशाला?’ हा युक्तिवाद तरी थांबलेला नाही. पण २अ च्या अर्जात साक्षीपुरावे होतात, आणि तो निकाली निघेपर्यंत समोरचा दोन हंगाम पेरून मोकळा होतो.

खरा घोळ ‘जैसे थे’ या दोन शब्दांचा. निशाणी ५ वर, म्हणजे दाव्यातल्या तात्पुरत्या मनाईच्या अर्जावर, दोन्ही बाजू ताबा आपलाच सांगतात आणि कोर्ट पुढच्या तारखेपर्यंत परिस्थिती जैसे थे ठेवायला सांगतं. ताबा कोणाचा, हे त्या आदेशात नसतं. मग दोघंही त्याच आदेशाची नक्कल घेऊन ठाण्यात हजर होतात. एकाच्या हातात बैनामा (खरेदीखत), त्यातल्या ‘ताबा आज रोजी दिला’ या ठरावीक ओळीखाली रेघ ओढलेली. दुसऱ्याच्या मोबाईलमध्ये उभ्या कपाशीचे फोटो. ताबा ठरवायचा अधिकार ठाणे अंमलदाराला नाही. तो फौजदारी प्रक्रिया संहितेचं जुनं कलम १०७, म्हणजे १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं १२६ (शांतता राखण्याचा बॉन्ड), लावून दोघांनाही कार्यकारी दंडाधिकारी असलेल्या तहसीलदारापुढे पाठवतो. ज्याची खरोखर वहिती आहे तोही बॉन्ड लिहून देतो. पोलिसांच्या नावाने बोटं मोडली जातात, पण चूक बहुतेक वेळा आदेश मोघम मागणाऱ्याची असते.

म्हणून अर्जातच गट नंबर, हेक्टर-आरमध्ये क्षेत्र, चतुःसीमा आणि उभं पीक लिहावं. गाव नमुना १२ ची मागच्या काही वर्षांची पीकपाहणी जोडावी आणि ताब्याबाबत प्रथमदर्शनी निष्कर्ष नोंदवण्याची विनंती करावी. हद्दीच्या मोजणीसाठी आदेश २६ नियम ९ खाली कोर्ट कमिशनर मागता येतो. ताबा कोणाचा हे शोधायला मागितला की अर्ज सहसा फेटाळला जातो. एकतर्फी मनाई मिळाली तर दावा, अर्ज आणि कागदपत्रांच्या प्रती समोरच्याला पाठवल्याचं शपथपत्र त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी द्यायचं असतं. हे राहिलं की मनाई उठवायला समोरच्या वकिलाला तेवढं पुरतं.

त्याच फौजदारी संहितेचं कलम १४५, आताचं १६४, हा ताब्याच्या वादातून शांतताभंगाची भीती असेल तेव्हाचा तहसीलदाराकडचा वेगळा रस्ता. त्यात आदेशाच्या दिवशीचा ताबा पाहतात, आणि पोलिसांचा अहवाल किंवा माहिती तहसीलदाराला मिळण्याआधीच्या दोन महिन्यांत, किंवा त्यानंतर आदेशापर्यंत, जबरीने काढलेला असेल तर तोही. दिवाणी कोर्टात ताब्यावर दावा चालू असताना ही समांतर कारवाई सहसा टिकत नाही.

हुकूमनामा (दाव्याचा अंतिम निकाल) झाल्यावर पोलीस मदत तुलनेने सरळ मिळते. ताबा वॉरंट घेऊन बेलीफ शेतात जातो, अडवलं तर तसा अहवाल देतो आणि त्यावर दरखास्तीत (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या प्रकरणात) पोलीस मदतीचा अर्ज होतो. बंदोबस्ताचं शुल्क भरायला सांगितलं असेल तर ते आधीच भरावं, नाहीतर ठरल्या दिवशी बेलीफ एकटाच बांधावर उभा असतो. अहवालात ‘विरोध झाला’ एवढंच न लिहिता कोणी, कोणत्या गटात, किती वाजता अडवलं हे यावं. अडवणारा दाव्यात पक्षकार नसेल आणि स्वतःचा हक्क सांगत असेल, तर आदेश २१ नियम ९७ ची (ताब्याला झालेल्या अडथळ्याची) चौकशी आधी लागते, पोलीस त्यानंतर.