घरफोडी झाली तर एफआयआर, पंचनामा, मुद्देमाल परत: सगळी प्रोसेस

मागच्या दिवाळीत आमच्या कराडच्या आत्यांकडं घरफोडी झाली, आणि पोलीस यायच्या आत त्यांनी घर झाडून काढलं, कारण दुसऱ्या दिवशी लक्ष्मीपूजन. ठसेवाले आल्यावर पहिलं विचारलं, काच कुठं पडलेली? काच कचऱ्याच्या बादलीत! बाहेरून फोडली की काच जास्त करून आत पडते, कटावणीची खूण चौकटीच्या लाकडात राहते, धुळीत चपलेचा ठसा असतो, यावरनंच तर चोर कुठनं आला, आधी कुठल्या खोलीत गेला ते लावत जातात. म्हणून कळवळून सांगतोय, कडी-कोयंडा तुटलेला दिसला की आत जाऊ नका, कपाटाला हात लावू नका, ११२ ला फोन करा. नंतर घरच्यांचे पण बोटांचे ठसे मागतात, घाबरू नका, ते तुमचे ठसे बाजूला काढायला असतात.

एफआयआर कोण देऊ शकतं? ज्याला माहिती आहे तो कुणीही, घरमालकच पाहिजे असं नाही, भाडेकरू पण चालतो. हद्द आमची नाही म्हणाले तरी झिरो एफआयआर (हद्द न बघता कुठल्याही पोलीस स्टेशनात नोंदवलेला) घ्यावाच लागतो. ऑनलाईन पाठवलात तर ३ दिवसांच्या आत सही करायला जावं लागतं. कॉपी फुकट मिळते, ती घेतल्याशिवाय उठू नका. घेतच नसतील तर एसपींना (जिल्ह्याच्या पोलीस अधीक्षकांना) लेखी पोस्टानं पाठवा, तिथंही नाही झालं तर मॅजिस्ट्रेट.

१ जुलै २०२४ पासून नवीन कायदा आहे, बीएनएसएस, म्हणजे भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, तपास आणि खटला कसा चालवायचा ते सांगणारा. त्याच्या कलम १७६(३) मध्ये ७ वर्षं किंवा जास्त शिक्षेच्या गुन्ह्यात फॉरेन्सिक एक्स्पर्टनी जागेवर येऊन पुरावे घ्यायचे आणि व्हिडिओ काढायचा असं आहे (हे कुठल्या तारखेपासून लागू ते राज्य सरकारनं ठरवायचं, त्याला ५ वर्षांची मुदत). चोरीसाठी घर फोडलं की गुन्हा यात बसतो, त्यामुळं टीम येणार का हे नम्रपणे पण विचाराच. तपास कुठंवर आला तेही ९० दिवसांच्या आत तुम्हाला कळवायचं असतं.

पंचनाम्याची कॉपी: चार्जशीट (पोलिसांचं कोर्टातलं आरोपपत्र) झाल्यावर आरोपी कोर्टात हजर झाला की १४ दिवसांत केसची कागदपत्रं द्यायची असतात, पण फिर्यादी पक्षाला ती वकील लावला असेल तरच, हे बऱ्याच जणांना माहीतच नसतं.

सोनं सापडलं तर ते पोलीस स्टेशनातनं थेट हातात पडत नाही, कोर्टात अर्ज करायचा, आत्यांनी कराडच्याच कोर्टात केला. सोबत आधार, एफआयआरची कॉपी, सराफाची पावती. पावती नसेल तर लग्नातले दागिने घातलेले फोटो जोडा, आत्यांचं गंठण असंच ओळखलं गेलं. अर्जावर पोलिसांचं म्हणणं आलं की कोर्ट बाँड (हमीपत्र) लिहून घेतं, वस्तूचे फोटो काढून ठेवतात, मग सुपूर्दनाम्यावर, म्हणजे केस संपेपर्यंत सांभाळायच्या अटीवर, ताबा मिळतो. केस संपेपर्यंत ते विकायचं नाही, मोडायचं नाही, कोर्टानं मागितलं की हजर करायचं. आत्यांनी गंठण डब्यात तसंच ठेवलंय, अजून गळ्यात घातलेलं नाही.