कल्हई (सातारा-सांगली परिसर)

तांब्या-पितळेच्या भांड्याला आतून दिलेला कथलाचा पातळ लेप म्हणजे कल्हई. हा शब्द अरबी 'कलई'वरून आला. सातारा, कराड, सांगली, मिरज या पट्ट्यात कथील घरात येते ते मुख्यतः याच रूपात. गावाकडे 'जर्मनची' म्हणून ओळखली जाणारी पांढरी भांडी ॲल्युमिनियमची असतात. त्यांचा कथलाशी संबंध नाही.

कल्हई लागते ती आंबटामुळे. ताक, कढी किंवा चिंचेची आमटी उघड्या पितळेत राहिली की तांब्याचे क्षार अन्नात उतरतात, चव बिघडते, हिरवट झाक येते; असे अन्न खाल्ल्यास मळमळ, उलट्या होतात. मराठीत याला 'कळकणे' असा स्वतंत्र शब्दच आहे. नुसते पाणी भरायच्या हंड्या-कळश्यांना आणि अंघोळीच्या बंबाला मात्र कल्हईची गरज नसते.

कल्हईवाला जमिनीत खळगा करून कोळसे पेटवतो आणि भाता जोडतो. घासून घेतलेले भांडे तापले की आत नवसागराची पूड टाकतो. पांढऱ्या धुराचा लोट उठतो आणि भोवती जमलेल्या पोरांच्या नाकाडोळ्यांत झोंबतो. नवसागरातून सुटणारी आम्लाची वाफ तांब्यावरचा ऑक्साइडचा थर काढते. त्याशिवाय कथील धरतच नाही. मग कथलाची कांडी तळाला टेकवली की मेणासारखी पाघळते. कापसाचा बोळा गरगर फिरवत ती काठापर्यंत नेली, की काळवंडलेली सतेली पाहता पाहता पांढरीशुभ्र होते.

खरी अडचण पुढे, मोरीत. भांडे लखलखेपर्यंत घासणे हा आपल्याकडे घरकामाचा मानबिंदू, आणि कल्हईचे नुकसान नेमके त्यानेच होते. कथील अतिशय मऊ असते आणि लेपाची जाडी मिलिमीटरच्या काही शतांशांची. तारेचा चोथा किंवा वाळू लावली की चार-सहा महिन्यांची कल्हई आठवड्यातच निघते. चिंच-मीठ, लिंबू, पितांबरी हे सारे बाहेरच्या बाजूला. आत कोमट पाणी, मऊ फडके आणि थोडा साबण पुरे. लागलेले अन्न खरवडू नये, रात्रभर पाणी घालून ठेवावे. वापराने आतली चकाकी जाऊन करडा रंग येतो, तो मळ नव्हे. त्या ऑक्साइडच्या थरामुळे खालचे कथील टिकते.

दुसरा शत्रू जाळ. कथील 232 अंश सेल्सिअसला वितळते, आणि रिकामे पातेले गॅसवर विसरले तर तळ ही मर्यादा सहज ओलांडतो. लेप ओघळून तळाशी गोळे जमतात. तेल धुरावेपर्यंत तापवायची फोडणी म्हणूनच अशा भांड्यात करू नये. लोखंडी पळीत करून वरून ओतण्याची जुनी रीत इथे फार उपयोगी पडते. ढवळायला लाकडी डाव बरा.

थंडीची भीती मात्र पुस्तकी. सुमारे 13 अंशांखाली शुद्ध कथलाचे रूप पालटून भुकटी होऊ शकते हे खरे. पण हा बदल वेगाने व्हायला पारा शून्याच्या बराच खाली लागतो. महाबळेश्वरच्या हिवाळ्याने कुणाची कल्हई गेलेली नाही.

स्टीलने रोजच्या स्वयंपाकातून पितळ काढले, तरी लग्न-जत्रेच्या पंगतींची मोठी पातेली आणि आजीची परात अनेक घरांत आहेत. आतून तांबूस-पिवळे ठिपके दिसू लागले की पुन्हा कल्हई करावी. कांडी आधी पाहून घ्यावी. शुद्ध कथलाची कांडी कानाशी धरून वाकवली तर करकर आवाज येतो. शिशाची भेसळ जास्त असेल तर तो येत नाही, आणि कांडी कागदावर ओढल्यास काळपट रेघ उमटते. तसल्या कांडीने स्वयंपाकाचे भांडे करून घेऊ नये. शिसे विषारी असते.