झाइडलर, फ्रँक

फ्रँक झाइडलर (२० सप्टेंबर १९१२ – ७ जुलै २००६) हे अमेरिकेच्या विस्कॉन्सिन राज्यातील मिलवॉकी शहराचे १९४८ ते १९६० अशी सलग बारा वर्षे महापौर होते. एमिल सायडेल आणि डॅनियल होन यांच्यानंतरचे हे या शहराचे तिसरे समाजवादी महापौर. नळपाणी, सांडपाणी, बागा आणि स्वच्छ कारभार यांवर भर देणाऱ्या या परंपरेची ‘गटार समाजवाद’ म्हणून हेटाळणी होई. सिनेटर जोसेफ मॅकार्थी याच राज्याचे. त्यांची कम्युनिस्टविरोधी मोहीम भरात असताना झाइडलर उघडपणे समाजवादी म्हणून निवडून येत राहिले, हे विशेष.

पेशाने ते भूमापक. थोरले भाऊ कार्ल मात्र रूढिमतवादी; १९४० मध्ये होन यांना हरवून तेही महापौर झाले, पण १९४२ मध्ये नौदलात गेले आणि जहाजासह समुद्रात बेपत्ता झाले.

झाइडलर यांचे सर्वांत मोठे काम हद्दवाढीचे. उपनगरांनी शहराच्या सोयी वापरायच्या आणि कर मात्र भरायचा नाही, हे त्यांना अन्यायाचे वाटे. विलीनीकरण खात्याचे कर्मचारी शहराबाहेरच्या वस्त्यांत दारोदार फिरून रहिवाशांच्या सह्या गोळा करत. मिशिगन सरोवराचे पाणी शहराच्या हाती होते, आणि वाटाघाटींत तेच मोठे बळ ठरे. शहराचे क्षेत्रफळ जवळजवळ दुप्पट झाले. पुढे १९५५ च्या राज्य कायद्याने मिलवॉकीच्या दक्षिणेकडील ओक क्रीक या वस्तीला स्वतंत्र शहर होता आले आणि हद्दवाढीची दक्षिणेकडची वाट बंद झाली.

या काळात दक्षिणेकडील राज्यांतून कामाच्या शोधात आलेल्या कृष्णवर्णीयांची संख्या झपाट्याने वाढत होती. त्यांना घरे मिळत नव्हती; झाइडलर यांनी सार्वजनिक घरकुलांचा आग्रह धरला. १९५६ च्या निवडणुकीत अफवा उठली, की महापौरांनीच दक्षिणेत फलक लावून या लोकांना बोलावले. असा एकही फलक नव्हता. झाइडलर जिंकले, पण विषारी कुजबुज थांबली नाही. तिचा मनस्ताप आणि ढासळती प्रकृती यांमुळे १९६० मध्ये ते निवडणुकीला उभे राहिले नाहीत. त्या शहराला त्यांच्याइतका निर्भीड महापौर तेव्हाच सर्वाधिक हवा होता.

नंतर त्यांनी कामगार तंट्यांत मध्यस्थी केली. १९७६ मध्ये ते सोशालिस्ट पार्टीचे राष्ट्राध्यक्षपदाचे उमेदवार होते. देशभरात मते पडली सुमारे ६,०००.