स्टायलेफोरस कॉर्डेटस: फितीमाशांच्या गणातून हकालपट्टी

स्टायलेफोरस कॉर्डेटस या खोल समुद्रातल्या माशाचे पहिले वर्णन 1791 साली झाले, कॅरिबियन समुद्रात पृष्ठभागाजवळ सापडलेल्या एका नमुन्यावरून. पुढचे जवळपास शतकभर अभ्यासकांची भिस्त त्या एकाच माशावर होती. मुस्कट डोक्याच्या खाचेत मागे दुमडते आणि त्वचेच्या पातळ घडीने मागच्या भागाशी जोडलेले राहते, हे त्या वर्णनातच आले होते. ते कशासाठी, याचा उलगडा मात्र 1978 साली झाला. मासा पाण्यात उभा, डोके वर करून तरंगतो. त्याचे नळीसारखे डोळे भक्ष्याचा वेध घेतात. मग डोके मागे झुकते, जबडे पुढे सरकतात आणि मुखपोकळी मूळच्या सुमारे 38 पट फुगते. चिमुकल्या तोंडातून पाणी वेगाने आत ओढले जाते, त्यासोबत कोपेपॉड हे चिमुकले कवचधारी जीव येतात आणि जादा पाणी कल्ल्यांवाटे बाहेर पडते.

मासा एरवी सुमारे 300 ते 800 मीटर खोलीवर असतो आणि रात्री त्यातल्या वरच्या थरांकडे सरकतो. शरीराची लांबी जेमतेम 28 सेंटिमीटर. पुच्छपराच्या खालच्या भागातले दोन अर (पराला आधार देणाऱ्या काड्या) मात्र शरीराहून कितीतरी लांब वाढतात. जाळ्यात तेच आधी तुटतात, त्यामुळे शेपटीसह एकूण लांबीचे जुने आकडे एकमेकांशी जुळत नाहीत. तुलनेसाठी पुच्छपराच्या मुळापर्यंतची प्रमाण लांबीच घ्यावी. पृष्ठपरात 110 ते 122 अर, गुदपरात 15 ते 17, अधरपरात एकच अर आणि वाताशय (तरंगायला मदत करणारी हवेची पिशवी) नाही, एवढे तपासले तरी ओळख पक्की होते.

खरा वाद वर्गीकरणाचा. चपटे लांबट शरीर, मानेपासून शेपटीपर्यंत गेलेला पृष्ठपर आणि विलक्षण पुढे येणारा जबडा, यांमुळे हा मासा ओअरफिश (फितीसारखा लांबलचक सागरी मासा) आणि फितीमाशांसोबत लॅम्प्रिफॉर्मिस गणात बसवला गेला. सर्वांत वजनदार पुरावा जबड्याचा होता. या गणात वरच्या जबड्याची पुढची आणि मागची अशी दोन्ही हाडे मिळून पुढे सरकतात. इतर बहुतेक काटेपर (परांत काटे असलेल्या) माशांत मागचे हाड कवटीशी घट्ट बांधलेले असते. स्टायलेफोरसचा जबडा गणाच्या या खुणेशी जुळत होता. 1990च्या दशकातल्या हाडांच्या सविस्तर तुलनेनेही त्याला तिथेच ठेवले.

2007 साली संपूर्ण मायटोकाँड्रियल जनुकसंचाची (पेशीतल्या मायटोकाँड्रिया या ऊर्जाघटकांच्या स्वतंत्र डीएनएची) तुलना झाली आणि निष्कर्ष उलटा आला: हा मासा ओअरफिशचा नव्हे, कॉड माशांचा जवळचा नातलग. त्याच्यासाठी स्टायलेफोरिफॉर्मिस हा स्वतंत्र गण सुचवला गेला. त्यात कुल एक, प्रजातीही एकच. एकाच प्रकारच्या जनुकांवर एवढा मोठा बदल करावा का, ही शंका रास्त होती. पण नंतर केंद्रकीय (पेशीकेंद्रातली) जनुके वापरून काढलेल्या वंशवृक्षांतही तो कॉडच्या गटाजवळच आला, तेव्हा त्या शंकेत फारसे बळ उरले नाही. निर्णय योग्यच होता. मात्र त्याची किंमत पुरेशी बोलली जात नाही: जबड्याची ती रचना दोन वेगळ्या वंशांत स्वतंत्रपणे घडली असे मानावे लागते, आणि गणाची खूण म्हणून तिचे वजन घटते.

हा निकाल इतका उशिरा लागण्याला नमुने जतन करण्याची पद्धतही कारणीभूत होती. संग्रहालयांतले नमुने बहुतेक फॉर्मॅलिनमध्ये मुरवलेले. फॉर्मॅलिनने हाडे-स्नायूंचा आकार टिकतो, पण डीएनएचे तुकडे होतात आणि ते प्रथिनांशी रासायनिक बंधांनी जखडले जाते. आधी ताज्या माशाचा स्नायूचा तुकडा काढून तीव्र इथेनॉलमध्ये ठेवायचा आणि मगच उरलेला मासा फॉर्मॅलिनमध्ये घालायचा, हा क्रम चुकला तर पूर्ण जनुकसंच हाती लागणे कठीण.

2007पूर्वीच्या ओळखतक्त्यांत हा मासा लॅम्प्रिफॉर्मिसखाली सापडेल. संग्रहांतल्या जुन्या चिठ्ठ्यांवरही तेच नाव असू शकते. म्हणून त्या गणातल्या प्रजातींच्या संख्येची जुनी-नवी यादी ताडून पाहताना जुन्या यादीतून ही एक प्रजाती आधी वजा करावी.