वीजपुरवठा, वादग्रस्त मिळकतीतील

मिळकतीच्या मालकीचा, वाटणीचा किंवा भाडेपट्ट्याचा वाद चालू असताना तेथे प्रत्यक्ष राहणाऱ्याची वीज कोणाला तोडता येते, कोणत्या कारणाने आणि तोडल्यास दाद कशी मागायची, यासंबंधीची भारतीय कायद्यातील तत्त्वे. वीजजोडणी मालकी हक्कापेक्षा ताब्याशी बांधलेली असते, हा त्यांचा गाभा.

उगम : या संरक्षणाच्या उगमाविषयी एकमत नाही. एक मत ते घटनेच्या अनुच्छेद २१ मधून (जीविताचा व व्यक्तिस्वातंत्र्याचा हक्क) आल्याचे मानते. त्यासाठी चमेली सिंग विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य (१९९६) या निकालाचा आधार घेतला जातो. त्यात सर्वोच्च न्यायालयाने निवाऱ्याच्या हक्कात पुरेसा प्रकाश, पाणी, स्वच्छता यांबरोबर विजेचाही समावेश केला. दुसरे मत भाडे नियंत्रण कायद्यांकडे बोट दाखवते. मुंबई भाडे नियंत्रण अधिनियम, १९४७ च्या कलम २४ ने घरमालकाला भाडेकरूचा अत्यावश्यक पुरवठा विनाकारण तोडण्यास मनाई केली होती. तथापि मूळ याहून जुने असावे. भारतीय विद्युत अधिनियम, १९१० च्या अनुसूचीत जागेच्या ‘मालकाने किंवा भोगवटादाराने’ (जागा प्रत्यक्ष ताब्यात असलेल्याने) मागणी केल्यास पुरवठा करण्याचे बंधन परवानाधारकावर, म्हणजे वीजपुरवठा करणाऱ्या कंपनीवर, होते. ही रचना ब्रिटिश विद्युत कायद्यांच्या वळणाची असून विसाव्या शतकाच्या आरंभी ती येथे रुळली, असे म्हणता येते. विद्युत अधिनियम, २००३ च्या कलम ४३ ने तीच शब्दयोजना कायम ठेवली. घटनात्मक विवेचनाने तिला वजन आले. पण मालकापासून वेगळा असा भोगवटादाराचा स्वतंत्र हक्क विद्युत कायद्यानेच प्रथम मान्य केलेला दिसतो.

वीज तोडण्याचा अधिकार : २००३ च्या अधिनियमातील कलम ५६ नुसार देय रक्कम भरण्यात कसूर झाल्यास, लेखी नोटिशीचे पूर्ण १५ दिवस उलटल्यावर परवानाधारकाला पुरवठा तोडता येतो. १९१० च्या कायद्यात ही मुदत ७ दिवसांची होती. ग्राहकाने मागणीची रक्कम किंवा मागील सहा महिन्यांच्या सरासरीने निघणारी रक्कम, यांपैकी जी कमी असेल ती निषेध नोंदवून भरली, तर वाद मिटेपर्यंत पुरवठा तोडता येत नाही. येथील ‘वाद’ ग्राहक आणि परवानाधारक यांच्यातील बिलाचा आहे. मालकीच्या वादाशी त्याचा संबंध नाही, आणि ही गफलत अर्जांत वारंवार आढळते. अनधिकृत वापर (कलम १२६) व वीजचोरी (कलम १३५) यांची कार्यपद्धती वेगळी आहे. ‘मालकाने हरकत घेतली’ हे कारण कलम ५६ मध्ये नाही. मालकी कोणाची हे ठरवणे दिवाणी न्यायालयाचे काम आहे. कंपनीने एका पक्षाच्या पत्रावरून मीटर काढणे म्हणजे निकालाआधीच अंमलबजावणी होय, आणि ते न्याय्य ठरवणे कठीण आहे.

घरमालक व भाडेकरू : महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ च्या कलम २९ ने १९४७ ची तरतूद पुढे चालवली. पाणी, वीज, जिन्यातील दिवे, लिफ्ट व सफाई यांचा अत्यावश्यक सेवांत समावेश होतो. स्पष्टीकरणाचा भाग विशेष महत्त्वाचा आहे : घरमालकाच्या कृतीमुळे किंवा कसुरीमुळे सक्षम प्राधिकरणाने पुरवठा तोडला, तरी तो घरमालकानेच रोखला असे समजले जाते. आपल्या नावावरचे बिल मुद्दाम थकवून भाडेकरूला अंधारात ठेवण्याची वाट त्यामुळे बंद होते. मात्र कलमाची भाषा ‘भाडेकरू’पुरती असल्याने लीव्ह अँड लायसन्सवर राहणाऱ्यांना इतर उपायांकडे वळावे लागते.

दिलीप विरुद्ध सतीश (२०२२) या निकालात सर्वोच्च न्यायालयाने वीज ही मूलभूत सुविधा असल्याचे सांगून, घरमालकाने ना-हरकत पत्र दिले नाही एवढ्यावरून ती नाकारता येणार नाही, असे म्हटले. अर्जदाराचा जागेत ताबा आहे का, एवढेच पुरवठादाराने पाहायचे आहे.

हक्काविना ताबा : अतिक्रमकाचे काय, हा प्रश्न अधिक अवघड आहे. कलकत्ता उच्च न्यायालयाने अभिमन्यू मजुमदार प्रकरणात (२०११) स्थिर ताबा असलेल्याला, मग तो अतिक्रमक का असेना, कायदेशीर मार्गाने बाहेर काढले जाईपर्यंत वीज मिळू शकते, अशी भूमिका घेतली. यामुळे अतिक्रमणाला बळ मिळते, असा आक्षेप घेतला जातो. परंतु वीजबिल ताब्याचा पुरावा असले तरी मालकी हक्काचा पुरावा होत नाही, हे ध्यानात घेता कलकत्त्याचे मत अधिक ग्राह्य वाटते. कृष्णा राम महाले विरुद्ध शोभा व्यंकट राव (१९८९) मधील तत्त्वाशीही ते जुळते : स्थिर ताबा असलेल्याला, त्याचा हक्क नसला तरी, कायद्याच्या मार्गाखेरीज हुसकावता येत नाही.

वारस व सहहिस्सेदार : मीटर मृत व्यक्तीच्या नावावर आणि वापर एका भावाचा, ही स्थिती सर्वपरिचित आहे. महाराष्ट्र विद्युत नियामक आयोगाच्या २००५ च्या पुरवठा संहितेनुसार जागेवरील जुन्या थकबाकीची जबाबदारी नव्या भोगवटादारावर जास्तीत जास्त सहा महिन्यांपुरती येत असे. वारसाला मात्र ही सवलत नव्हती. के. सी. निनान प्रकरणात (२०२३) सर्वोच्च न्यायालयाने वैधानिक विनियमांत तशी अट असल्यास जुनी थकबाकी नव्या मालकाकडे मागता येते, असे ठरवले.

दाद : परवानाधारकाविरुद्ध विद्युत अधिनियमाच्या कलम ४२ खालील ग्राहक तक्रार निवारण मंच व त्यानंतर विद्युत लोकपाल, घरमालकाविरुद्ध भाडे नियंत्रण अधिनियमाच्या कलम २९ खालील अर्ज, इतरांविरुद्ध दिवाणी दावा व मनाई हुकूम. विद्युत अधिनियमाच्या कलम १४५ चा दिवाणी न्यायालयांवरील प्रतिबंध प्रामुख्याने कलम १२६ खालील आकारणीपुरता असल्याने खासगी पक्षांमधील अशा दाव्याला तो सहसा आड येत नाही. तोडलेली वीज अंतरिम आदेशाने पूर्ववत करून घेण्यासाठी दोराब कावसजी वॉर्डन (१९९०) मधील कसोट्या लागतात : केवळ सकृद्दर्शनी नव्हे तर त्याहून बळकट बाजू, भरून न निघणारे नुकसान आणि सोयी-गैरसोयीचे पारडे. असा आदेश वाद उद्भवण्यापूर्वीची शेवटची निर्विवाद स्थिती परत आणण्यासाठी दिला जातो, म्हणून जोडणी नेमकी कधी व कोणी तोडली याचा पुरावा अर्जासोबत लागतो.