एनसीव्ही-ईएमजी: "तीन आठवड्यांनी या" असं का सांगतात त्याची पार्श्वभूमी

रत्नागिरी, चिपळूण, कणकवली कुठेही बघा, हाताला मुंग्या येतात, पंजा लुळा पडलाय, चालताना पाऊल आपटतंय अशी तक्रार घेऊन गेलं की डॉक्टरांच्या चिठ्ठीवर कधी ना कधी एनसीव्ही (नसेतून, म्हणजे मज्जातंतूतून, संदेश किती वेगाने जातो ते शॉक देऊन मोजणं) नाहीतर ईएमजी (स्नायूतली वीज सुई घालून तपासणं) लिहून येतंच. मग धावपळ सुरू, कारण ही टेस्ट सगळीकडे होत नाही, कोणी आंबा घाट चढून कोल्हापूर गाठतं, कोणी गोव्यात बांबोळीला जातं, कोणी रात्रीच्या कोकणकन्येने मुंबईला. आणि तिथे पोचल्यावर ऐकायला मिळतं की पायाला तेल चोपडलंय ते साबणाने धुऊन या, हात गार आहेत जरा थांबा, किंवा सगळ्यात जिवावर येणारं म्हणजे लागून आठच दिवस झालेत, तीन आठवड्यांनी या. माणूस वैतागणारच, दिवस गेला, गाडीभाडं गेलं. पण यातली एकही सूचना टेक्निशियनच्या मनातली नसते, प्रत्येकीच्या मागे कोणाचं तरी खरंखुरं काम आहे, आणि ते आधीच माहीत असेल तर एखादी फेरी वाचू शकते, म्हणून जरा सविस्तर लिहितोय.

सुरुवात बेडकापासून. इटलीत बोलोन्याला लुइजी गॅल्व्हानीने बेडकाच्या तंगड्या विजेने झटकतात हे बघितलं आणि १७९१ मध्ये छापलं, प्राण्याच्या अंगातच वीज असते असं त्याचं म्हणणं होतं. व्होल्टा या दुसऱ्या इटालियन शास्त्रज्ञाला ते पटलं नाही, त्या वादातूनच १८०० मध्ये व्होल्टाची बॅटरी आली. पुढे बर्लिनच्या द्यु ब्वा-रेमोंने १८४० च्या दशकात नस आणि स्नायूतली वीज मोजून दाखवली. म्हणजे नसेतून जातं ते विजेच्या स्वरूपाचं काहीतरी आहे इथपर्यंत लोक आले होते, पण ते किती वेगाने जातं हे कोणालाच माहीत नव्हतं. योहानेस म्यूलर हा त्या काळचा शरीरशास्त्रातला सगळ्यात मोठा माणूस, त्यानेच लिहून ठेवलं होतं की हा वेग मोजायचं साधन आपल्याला कधीच मिळणार नाही.

मोजला त्याच्याच शिष्याने, हेल्महोल्ट्झने, १८५० मध्ये. मला या सगळ्या इतिहासात हा प्रयोग सगळ्यात मोठा वाटतो, कारण आजही टेस्टच्या खोलीत अक्षरशः तोच होतो. त्याने बेडकाच्या नसेला दोन जागी शॉक दिला, एक स्नायूच्या जवळ, एक लांब, आणि दोन्ही वेळा स्नायू हलायला किती वेळ लागला ते मोजून वजाबाकी केली. वजाबाकी का, तर स्नायूला स्वतःला हलायला जो वेळ लागतो तो दोन्हीकडे सारखाच असतो, तो कटून जातो आणि उरतो फक्त नसेचा वेळ. उत्तर आलं सेकंदाला साधारण २५ ते ३८ मीटर. आता तुमच्या हाताचं बघा, मनगटाला शॉक दिल्यावर अंगठ्याच्या स्नायूत उत्तर आलं ३.५ मिलिसेकंदांनी, कोपराला दिल्यावर ७.५ मिलिसेकंदांनी, टेपने मोजलं तर मधलं अंतर २२ सेंटिमीटर, म्हणजे २२० मिलिमीटर भागिले ४, वेग सेकंदाला ५५ मीटर. हातात साधारण ५० च्या वर आणि पायात ४० च्या वर असेल तर ठीक धरतात. टेक्निशियन पेनाने हातावर खुणा करून टेप लावतो ना, ते यासाठी, टेप एक-दोन सेंटिमीटर चुकली की उत्तर चुकलं.

त्याच १८५० मध्ये लंडनला ऑगस्टस वॉलरने बेडकाच्या जिभेच्या नसा कापून बघितल्या. त्याला दिसलं की नस कापली की कापलेल्या जागेच्या पलीकडचा भाग लगेच मरत नाही, काही दिवसांत हळूहळू सडत जातो. "तीन आठवड्यांनी या" याचं मूळ इथे आहे. आंबे काढताना झाडावरून कोणी पडला, दंडाची नस पार तुटली, तरी पहिले चार-पाच दिवस खालच्या भागाला शॉक दिला तर स्नायू छान हलतो, रिपोर्ट जवळपास नॉर्मल वाटू शकतो. आठवडा-दहा दिवसांत तो भाग वाहणं बंद करतो आणि सुईच्या तपासणीत खुणा दिसायला दोन ते तीन आठवडे लागतात. म्हणून घाईने केलेल्या टेस्टवरून नस नुसती दबलीय की तुटलीय हे ठरत नाही. पण एक गोष्ट इथेच सांगतो कारण ती फार महत्त्वाची आहे, कोयता लागून हात कापलाय आणि बोटं हलत नाहीत, बधिर आहेत, तर टेस्टची वाट बघत तीन आठवडे घरी बसायचं नाही, थेट सर्जन गाठायचा, अशी सरळ कापलेली नस जितकी लवकर शिवली जाईल तितकं बरं.

फ्रान्समध्ये ड्यूशेनने कातडीवरून एकेक स्नायू विजेने हलवून बघायची पद्धत बसवली, जर्मनीत एर्बने आजारी स्नायू विजेला वेगळं उत्तर देतो हे दाखवलं, पण खरी सोय झाली सुईमुळे. १९२९ मध्ये एड्रियन आणि ब्राँक यांनी पोकळ सुईच्या आत बारीक तार बसवून ती स्नायूत घातली आणि सिग्नल लाऊडस्पीकरला जोडला. हा आवाज आजही तितकाच महत्त्वाचा, डॉक्टर पडद्यापेक्षा कानावर जास्त भरवसा ठेवतात. निरोगी स्नायू ढिला सोडला की शांत असतो, नस तुटलेला स्नायू ढिला असतानाही टपटप करत राहतो, पत्र्यावर पाऊस पडल्यासारखं. १९३८ मध्ये डेनी-ब्राउन आणि पेनीबेकर यांनी ही टपटप आणि वरून दिसणारी स्नायूची फडफड या दोन वेगळ्या गोष्टी आहेत हे नीट उलगडून सांगितलं. सुई दुखते, खोटं कशाला सांगू, पण हे ऐकायला दुसरा मार्ग नाही. रक्त पातळ करायच्या गोळ्या चालू असतील किंवा पेसमेकर असेल तर आधी सांगायचं.

मग दुसरं महायुद्ध. हातापायाच्या नसा तुटलेले हजारो सैनिक, ऑपरेशन कोणाचं करायचं आणि कोणाचं आपोआप भरून येईल हा रोजचा प्रश्न. त्या गरजेतून मशीन सुधारली आणि १९४८ मध्ये होड्स, लॅराबी आणि जर्मन (हे आडनाव) या तिघांनी माणसाच्या नसेचा वेग दवाखान्यात मोजायची पद्धत मांडली. पुढच्याच वर्षी लंडनला डॉसन आणि स्कॉट यांनी कातडीवरून नसेचा स्वतःचा सिग्नल पकडला, तो व्होल्टच्या काही दशलक्षांश इतका बारीक. इतका बारीक सिग्नल म्हटल्यावर कातडीवरचं खोबरेल तेल, पावसाळ्यातला घाम, चालू पंखा, खराब अर्थिंग सगळं मध्ये येतं, ५० हर्ट्झची घरघर पडद्यावर पसरते आणि सिग्नल हरवतो. तेल धुऊन या म्हणतात ते याचसाठी. आणि हात गार नको कारण कातडीचं तापमान एक डिग्री उतरलं की वेग सेकंदाला साधारण दोन मीटरने पडतो, एसीत अर्धा तास बसून गार पडलेला हात आजारी नसलेल्या माणसालाही आजारी ठरवू शकतो. साधारण ३२ डिग्रीच्या आसपास हात असावा असं बघतात.

१९५६ मध्ये सिम्पसनने दाखवलं की मनगटात नस दबली की नेमकी तिथेच ती मंदावते, वर कोपरापर्यंत ठीक असते. कार्पल टनेल म्हणतात तो हाच प्रकार. आपल्याकडे कोळंबी सोलणाऱ्या, मासे कापणाऱ्या बायका रात्री हात बधिर होऊन उठतात, हात झटकतात, आणि वर्षानुवर्षं मानेचा त्रास म्हणून मानेला शेक घेत बसतात. मान की मनगट हे या टेस्टने बहुतेक वेळा स्पष्ट होतं, माझ्या मते आपल्या भागात या टेस्टचा सगळ्यात मोठा उपयोग हाच आहे. तसंच तासन्‌तास उकिडवं बसून काम केल्यावर पाऊल लुळं पडतं, तेव्हा गुडघ्याच्या बाहेरच्या बाजूला नस दबलीय की कमरेत, हेही कळतं.

कुष्ठरोगाचा विषय काढल्याशिवाय कोकणात नसांचा इतिहास पूर्ण होत नाही. हॅन्सनला नॉर्वेत १८७३ मध्ये जंतू सापडला, पण तो जंतू शरीरात थंड जागा शोधतो आणि कोपरामागची, घोट्याजवळची अशा कातडीलगतच्या नसा धरतो, म्हणून बोटं वाकडी होतात, पाय बधिर होऊन जखमा होतात. मुंबईचे प्लास्टिक सर्जन डॉ. नोशीर अँटिया यांनी कुष्ठरोग्यांच्या हातांवर शस्त्रक्रिया केल्या, या रोगात नसांचं काय होतं याच्या संशोधनाला बळ दिलं, आणि याच माणसाने १९७० च्या दशकात अलिबाग तालुक्यात मांडव्याला गावातल्या बायकांना शिकवून आरोग्याचं काम उभं केलं. कोपराशी नस जाड लागणं हे बोटाने कळतं, त्याला मशीन लागत नाही, पण वेग पडायला लागलाय हे कधीकधी बधिरपणाच्या आधी मशीनवर दिसतं आणि वेळेत औषध मिळालं तर हात वाचतो.

२०२५ च्या जानेवारीत पुण्यात सिंहगड रोड भागात जीबीएसचे, म्हणजे शरीराची प्रतिकारशक्ती स्वतःच्याच नसांवर उलटते त्या गियां-बारे सिंड्रोमचे, पेशंट वाढले तेव्हा एनसीव्ही हा शब्द घराघरांत पोचला. १९१६ मध्ये गियां, बारे आणि स्ट्रोल या तिघांनी दोन सैनिकांवर या आजाराचा पेपर लिहिला होता, त्यातली विजेची तपासणी स्ट्रोलची, आणि आजाराच्या नावातून गळला तोच, हे मला कायम खटकतं. इथे मात्र तीन आठवडे थांबायचं नसतं, उपचार पेशंटकडे बघून सुरू होतात, पहिल्या काही दिवसांत टेस्ट नॉर्मलसुद्धा येते आणि मग पुन्हा करावी लागते. सुरुवातीला बऱ्याचदा एफ वेव्ह बिघडते, ती १९५० मध्ये मॅग्लाडेरी आणि मॅकडूगल यांनी सांगितली, शॉक उलटा मणक्यापर्यंत जाऊन परत येतो त्यामुळे नसेच्या मुळाशी काय चाललंय ते कळतं.

मण्यार चावल्यावरही पापण्या पडतात, हातपाय लुळे होतात, तिथे बिघाड नस आणि स्नायूच्या सांध्यात असतो. तो ओळखायला नसेला लागोपाठ शॉक देऊन उत्तर लहान होत जातं का बघतात, ही कल्पना जॉलीची, १८९५ ची, आणि तिला मोजमाप दिलं हार्वी आणि मॅसलंडने १९४१ मध्ये. पण मण्यारीच्या पेशंटला टेस्टला न्यायचं नाही, आधी अँटीव्हेनम आणि श्वासाची सोय.

आता शुगरवाल्यांसाठी एक. तळपाय रात्रभर जळतात, एनसीव्ही नॉर्मल, आणि घरचे म्हणतात तुझ्या मनाचे खेळ. अर्लँगर आणि गॅसर यांनी १९२२ पासून ऑसिलोस्कोपवर (विजेचा सिग्नल पडद्यावर दाखवणारं यंत्र) दाखवलं की एकाच नसेत जाड आणि बारीक तंतू असतात, जाड जोरात पळतात, सगळ्यात बारीक जेमतेम सेकंदाला एखादा मीटर, त्यावर त्यांना १९४४ चं नोबेल मिळालं. आग, चटका, गरम-थंड हे बारीक तंतूंचं काम आणि एनसीव्ही मोजते फक्त जाड तंतू. म्हणजे रिपोर्ट नॉर्मल असूनही जळजळ पूर्ण खरी असू शकते, डॉक्टरांना बारीक तंतूंचं विचारा. आणि पायाला स्पर्श कळतो का हे बघायला दहा ग्रॅमचा नायलॉनचा धागा पुरतो, सेम्स आणि वाइनस्टीन यांनी १९६० मध्ये बसवलेली पद्धत, ती प्राथमिक आरोग्य केंद्रातही करता येते, त्यासाठी घाट चढायची गरज नाही.